दीडशे दुरड्या, दीडशे झाकणं

आमच्या घरात बांबूचं काम चालतं. वडील कळक चिरून त्याच्या चोया काढतात, आई आणि आत्या विणतात. कळक म्हणजे आमच्याकडचा बांबू आणि चोय म्हणजे त्याची विणता येण्याइतकी पातळ पट्टी. मोजपट्टी मात्र गेल्या वर्षापर्यंत घरात नव्हती. सगळी मापं हाताची: वीत, मूठ, चार बोटं. गिऱ्हाइकाने इंचात काही विचारलं, तर आई त्याच्यासमोर हवेत वीत उघडून विचारते, "येवढी?" गिऱ्हाईक बहुतेक वेळा हो म्हणतं.

घर पौडच्या अलीकडे, रस्त्यापासून थोडं आत आहे. आधी आमचा माल आठवड्याच्या बाजारात जायचा. सुपं, टोपल्या, भाकरी ठेवायच्या दुरड्या, कोंबड्या झाकायची डालगी. आता निम्मं गिऱ्हाईक भूगाव आणि भुकूमच्या नव्या घरांतून गाडी घेऊन येतं. दोन वर्षांपूर्वी एका बंगल्यासाठी एकदम बारा डालगी गेली. घेणाऱ्याला आत्याने विचारलं, कोंबड्या किती आहेत. तो म्हणाला, कोंबड्या नाहीत, ही उलटी टांगून आत दिवे लावायचेत. तो गेल्यावर आत्या बराच वेळ विचार करत बसली होती. मग म्हणाली, "बारा दिवं. येवढा काय अंधार हाय भूगावात?"

त्यानंतर डालग्यांना मागणी वाढली आणि आत्याने प्रश्न विचारणं सोडलं.

आत्या वडिलांची थोरली बहीण. तिचं घर आमच्यापासून चार घरं सोडून आहे. ती आपल्या पडवीत बसून काम करते आणि माल आमच्याकडे आणून टाकते. वडील तिला आक्का म्हणतात, आई वन्सं म्हणते. दोघी मिळून तीस वर्षं विणतायत. दोघींच्या कामाची एक रीत ठरलेली होती. झाकणाची दुरडी असेल तर जिने बूड धरलं, म्हणजे तळ विणायला घेतला, तिनेच झाकण करायचं. ही रीत कुणी घालून दिली हे कुणाला सांगता येत नाही. कारणही कुणी विचारलं नव्हतं. झाकण बसतं का, हे लावून बघायचीही आमच्याकडे पद्धत नव्हती. ते बसतंच. बघणं म्हणजे करणारीच्या हातावर शंका घेतल्यासारखं झालं असतं.

भावाचं लग्न झालं तेव्हा वहिनी पिरंगुटच्या एका पॅकिंगच्या कंपनीत कंत्राटी कामाला होती. सकाळी सहाच्या बसने जायची. तिच्या माहेरी आजोबांच्या काळात बांबूचं काम होतं. पुढे ते सुटलं. आमच्याकडे आल्यावर सुट्टीच्या दिवशी ती आत्याच्या पडवीत जाऊन बसायला लागली. सहा महिने आत्या तिला फक्त चोया भिजवायला द्यायची. मग एक दिवस बूड धरायला दिलं. दुसऱ्या वर्षी वहिनीने काम सोडलं आणि घरच्या विणकामात आली. कंत्राटदाराला ते पटलं नाही, कारण तिचा हात चलाख होता. तो अधूनमधून फोन करून विचारायचा, परत कधी येताय. गेल्या वर्षी पावसाळा लांबला, गिऱ्हाईक आटलं आणि घरात तीन विणणाऱ्यांना पुरेल एवढं काम राहिलं नाही. वहिनीने त्याला सांगितलं, दिवाळीपर्यंत थांबा, मग कळवते. तो म्हणाला, दिवाळीनंतरच्या सोमवारी नवी लाइन सुरू होतेय, तोवर जागा धरून ठेवतो.

तिला परत जायचं नव्हतं. हे तिने कुणाला बोलून दाखवलं नाही, पण घरात सगळ्यांना माहीत होतं.

दसऱ्याच्या आधी हिंजवडीतल्या एका कंपनीच्या मॅडम रस्त्याकडेला मांडलेली दुरडी बघून थांबल्या. त्या तिथे एचआर विभागात होत्या. दिवाळीला ऑफिसातल्या माणसांना भेट द्यायची होती, दुरडीत पणत्या आणि सुक्या फराळाचा डबा घालून. दीडशे हव्या होत्या, सगळ्या झाकणाच्या. एका वेळी एवढं काम आमच्याकडे आलं नव्हतं. वडिलांनी विचार करायला दोन दिवस मागून घेतले. वहिनीने दोन मिनिटांत हो सांगितलं.

संध्याकाळी तिने आपला बेत मांडला. मी त्या वेळी पुण्यात नोकरीला होतो आणि शनिवार-रविवार घरी यायचो, त्यामुळे हे बोलणं माझ्यासमोर झालं. तिचं म्हणणं असं की एकेकीने पहिल्यापासून शेवटपर्यंत एकेक दुरडी करत बसलं तर दिवस पुरणार नाहीत. कंपनीत करतात तसं करायचं. एकाने एकच काम. आबांनी चोया काढायच्या, तिने नुसती बुडं धरायची, आईंनी ती वर उचलून तोंड बांधायचं आणि आत्यांनी नुसती झाकणं करायची.

"लाइन लावती का आमची?" आत्या म्हणाली.

"लाइनच म्हनायची."

"मंग शिट्टी कोन वाजवनार? कंपनीत वाजवत्यात न्हवं जेवायची?"

"शिट्टी तुमीच वाजवा, आत्या. तुमचं घरबसल्या सगळ्या गावाला ऐकू जातंय."

आईने माप सांगितलं. दुरडी एक वीत चार बोटं. झाकणाला त्याच्यावर एक बोट जादा, म्हणजे ते तोंडावरून खाली सरकून बसतं. आत्याने मान हलवली. हे माप तिला सांगायची गरज नव्हती.

लाइन खरोखरच वेगात चालली. वडील उजाडताच कोयता घेऊन बसायचे. कळकाचं एक पेर उभं चिरलं की दुसरं, आणि बारापर्यंत अंगणात ओल्या चोयांचा ढीग लागायचा. वहिनीची बुडं दहाला दहा अशी चळत लावून आईसमोर यायची. आई एरवी विणताना बोलते, त्या दिवसांत बोलली नाही. तयार दुरड्या गोठ्याशेजारच्या खोपीत टांगून त्यांना धुरी दिली. धुरीने कळकाला भुंगा लागत नाही आणि रंग मधासारखा येतो. आत्याच्या पडवीत झाकणं पोत्यात भरली जात होती. तीही तिथेच तिच्या चुलीवर धुरावली गेली. बाराव्या दिवशी, शनिवारी संध्याकाळी, दोन्हीकडचा आकडा दीडशेला पोचला. माल द्यायला अजून तेरा दिवस होते.

रविवारी सकाळी भाऊ टेम्पो घेऊन चार घरं पलीकडे गेला आणि झाकणांची पोती घेऊन आला. मागून आत्या चालत आली. वहिनीने पहिलं झाकण काढून पहिल्या दुरडीवर ठेवलं. ते वरच राहिलं. तिने दुसरं ठेवलं. तेही वरच राहिलं. आठव्या झाकणानंतर आई उठून जवळ आली.

"ओलं असंल," आई म्हणाली.

"चार दीस धुरावर हुतं," आत्या म्हणाली. "माझं झाकण बरोबर हाय. तुमच्या दुरड्या फुगल्यात."

"येक वीत चार बोटं हाय, वन्सं."

"माझंबी येक वीत चार बोटं हाय, आनि वर येक बोट."

वडिलांनी कोयता खाली ठेवला. "हात दावा," ते म्हणाले.

दोघींनी तळहात एकमेकींच्या तळहाताला लावले. आईची बोटं आत्याच्या बोटांवरून नखापेक्षा जास्त वर आली. तीस वर्षांत दोघींनी हे कधी करून बघितलं नव्हतं. करण्याचं कारणही पडलं नव्हतं, कारण दोघींची दुरडी आपापल्या जागी बरोबर होती. भावाने टेम्पोतून टेप आणला. एक वीत चार बोटं हे माप आईच्या हाताने अकरा इंच भरलं, आत्याच्या हाताने दहाच्या थोडं वर. आत्याने जादा बोट धरूनही झाकण आईच्या दुरडीच्या तोंडाएवढंच होत होतं. बाहेरून सरकायला त्याला जागा नव्हती.

आत्या आपला हात उलटसुलट करून बघत राहिली. "आयुष्यभर हा हात मला मोठा वाटत हुता," ती म्हणाली.

कुणी हसलं नाही, कारण वहिनी खोपीच्या दाराशी जाऊन उभी राहिली होती. लाइनची कल्पना तिची होती. तिथूनच ती म्हणाली, "मी उद्या फोन करते त्याला."

"कुनाला?" वडिलांनी विचारलं.

"कंत्राटदाराला. दोन लाइनी लावायच्या म्हनला तर मला जमत्यात. ह्यातलं न्हाई जमत."

वडील फार बोलत नाहीत. त्यांनी एक दुरडी उचलली, अंगठा आतून तोंडावर फिरवला, मग दुसरी उचलली आणि तसंच केलं. "समद्या सारख्या न्हाईत," ते आईकडे बघून म्हणाले. "हिचा हात सकाळी सैल चालतुया आनि दुपारी आवळतुया. आक्काचं उलटं असंल. आधी बसत्यात ती बसवा. मंग फोन कर."

त्यामुळे रविवार जुळवाजुळवीत गेला. दुरड्या अंगणात दहा-दहाच्या ओळीत मांडल्या. आई आणि वहिनी ओळीतून फिरायच्या, आत्या बाजेवर बसून पोत्यातून एकेक झाकण काढून द्यायची. झाकण ज्या दुरडीवर थोडं दाबून खाली सरकेल आणि उलटं धरलं तरी पडणार नाही, ती जोडी. ती सुतळीने बांधून बाजूला ठेवायची. पहिल्या तासात चार जोड्या लागल्या. पाचवी लागली तेव्हा आत्याचा सूर परत आला होता.

"ह्या पोरीला स्थळ मिळालं," ती म्हणाली. "फुडची आना."

"हिला तिसरं झाकण नापसंत," भाऊ म्हणाला.

"बाप कसा हाय त्यावर असतंय. नापसंत करनारच."

"हे झाकण लई ताठ हाय, आत्या. वाकतच न्हाई."

"नोकरीला असंल. ऱ्हाऊ दे, दुपारनं वाकंल."

आई हसू दाबत होती. चार वाजता वहिनी एका दुरडीपाशी बसून राहिली. अकरा झाकणं लावून झाली होती आणि बारावं टक्क आवाज करून बसलं. तिने दुरडी उलटी केली, हलवली, आणि त्या दिवशी पहिल्यांदा स्वतःहून बोलली. "हिचं पन जमलं बघा. बारा बघून."

"मी चौदा बघितले हुते," आई म्हणाली आणि वडिलांकडे बघितलं नाही.

"तरी फसली," आत्या म्हणाली.

वडील चोया भिजवत होते. त्यांनी त्या भिजवणं चालू ठेवलं.

अंधार पडायच्या आत त्रेसष्ट जोड्या लागल्या. सत्त्याऐंशी दुरड्या उघड्या राहिल्या आणि सत्त्याऐंशी झाकणं पोत्यात परत गेली. आता वहिनीने फोनचा विषय काढला नाही. तिने बोटांवर हिशेब केला. एकेक झाकण दुरडीवर बेतून करायचं म्हणजे दुपटीहून जास्त वेळ. आई दिवसाला पाच करू शकेल आणि ती पाच. झाकणं वाळायचे दिवस सोडले तर नऊ दिवस हातात. सत्त्याऐंशी होतात, मध्ये कुणी आजारी पडलं नाही तर.

ही झाकणं वितीने मोजून करायची नाहीत, असं तिने सांगितलं. प्रत्येक उघडी दुरडी समोर पालथी ठेवायची आणि तिच्याच तोंडाभोवती झाकण विणत न्यायचं. आईला आधी हे आवडलं नाही. असं शिकणारी माणसं करतात, ती म्हणाली. दुसऱ्या दिवशी तिनेही दुरडी पालथी ठेवली.

मी पुढच्या शनिवारी आलो तेव्हा अंगणात नवी गोष्ट चालू होती. आत्याने आपली उरलेली सत्त्याऐंशी झाकणं ओळीने मांडली होती आणि त्यांच्या मापाच्या दुरड्या विणायला घेतल्या होत्या. त्यांना गिऱ्हाईक नव्हतं. भावाने विचारलं, ह्या कुणासाठी.

"माझी झाकणं बिनलग्नाची ऱ्हानार व्हय?" आत्या म्हणाली. "ती तुमची झाली की तुमी मोकळी. मला हायेत माझी."

नवव्या दिवशी दुपारी शेवटचं झाकण बसलं. आईची सेहेचाळीस झाली होती, वहिनीची एक्केचाळीस. वहिनीला प्रत्येक दुरडीवर आणि तिच्या झाकणावर आतून एकच आकडा घालायचा होता, म्हणजे जोड्या फुटल्या तरी कळलं असतं. आत्याने ते होऊ दिलं नाही. भेट द्यायच्या वस्तूवर आकडा घालतात का, त्या काय तुरुंगात चालल्यात, असं ती म्हणाली. आईही तिच्या बाजूने होती. शेवटी सगळ्या जोड्या सुतळीने बांधलेल्या होत्याच. झाकणं वाळल्यावर शुक्रवारी भावाने दोन खेपांत माल हिंजवडीला पोचवला, मॅडमनी सही करून घेतला आणि दुरड्यांच्या वासाचं कौतुक केलं.

दुसऱ्या दिवशी, शनिवारी, साडेअकराला त्यांचा फोन आला. भावाने तो सगळ्यांना ऐकू येईल असा लावला.

"दादा, झाकणं बसतच नाहीयेत," त्या म्हणाल्या. "काही लूज आहेत, काही जातच नाहीत. आज चार वाजता डिस्ट्रिब्यूशन आहे. शनिवार असून सगळे आलेत."

"बसत हुती मॅडम. बांधून दिली हुती."

"हो, ते सुतळ्या कापल्या आम्ही. डबे भरायचे होते ना. झाकणं एका टेबलवर ठेवली आणि बास्केट एका."

दोष कुणाचा हे ठरवण्यात अर्थ नव्हता. त्यांच्याकडे येणाऱ्या डब्यांत कुठलंही झाकण कुठल्याही डब्याला लागतं, आणि जगातल्या बहुतेक डब्यांचं तसंच असतं. वहिनीने भावाच्या हातातून फोन घेतला. "मॅडम, आता कुनी हात लावू नका," ती म्हणाली. "मी येते."

टेम्पोत पुढे भाऊ, वहिनी आणि आत्या बसले. आत्याला कुणी बोलावलं नव्हतं. मी मागे बसलो. शनिवार असूनही हिंजवडीच्या चौकात गाड्या हलत नव्हत्या. कंपन्यांच्या कॅब एकीला एक लागून उभ्या होत्या. वहिनी घड्याळ बघत नव्हती, पण भाऊ दर दोन मिनिटांनी किती वाजले ते सांगत होता, त्यामुळे तिला बघायची गरज पडली नाही. दीड वाजता आम्ही फाटकाशी पोचलो. पहारेकऱ्याने प्रत्येकाचा फोटो काढून गळ्यात अडकवायला पट्टी दिली.

"माताजी, इधर कॅमेरे में देखिए," तो आत्याला म्हणाला.

"हसायचं का न्हाई?"

त्याला कळलं नाही. आत्या हसली नाही. पुढे दिवसभर ती पट्टीवरचा फोटो उचलून बघत होती आणि हसायला हवं होतं असं म्हणत होती.

कँटीनमध्ये दोन लांब टेबलं होती. एकावर दुरड्या, दुसऱ्यावर झाकणांचा डोंगर. मॅडम तिथेच उभ्या होत्या. त्यांनी आधी माफी मागितली, मग विचारलं, किती वेळ लागेल. वहिनीने चप्पल काढली, साडीचा पदर खोचला आणि झाकणं जमिनीवर ओतायला सांगितली.

तिने पहिल्यांदा झाकणांचे तीन ढीग केले. आत्या शेवटची चोय दाताने तोडते, तिथे कायम थोडा फुलोरा राहतो. आई टोक आत वळवते. वहिनीची गाठ बाहेर आणि डावीकडे असते. आत्याची झाकणं जुन्या धुराची, गडद. बाकीची नवी, पिवळसर. दहा मिनिटांत ढीग वेगळे झाले. मग तिने दुरड्यांच्या तोंडांवरून हात फिरवला. ज्यांची तोंडं आवळ होती त्या आत्याच्या ढिगासमोर नेल्या. पुढचं काम लावून बघण्याचं होतं, पण आता दीडशेमध्ये नाही, त्रेसष्टमध्ये.

जेवायला आलेली माणसं थांबायला लागली. आधी चार-पाच, मग वीस. एका मुलीने विचारलं, मी मदत करू का. वहिनीने तिला आईच्या ढिगाशी बसवलं. एक तरुण आपणहून आत्याच्या ढिगाशी बसला आणि पहिलंच झाकण दोन्ही तळव्यांनी जोर लावून दाबायला लागला.

"दाबू नगं बाळा," आत्या म्हणाली. "मोडंल. तिचा जोडीदार ह्यो न्हाई."

"कसं कळतं आजी?"

"ती कुरकुरती न्हवं? ऐक की."

त्याने कान लावून ऐकलं. त्याच्या मित्रांनी त्याचे फोटो काढले. आसामकडचा एक जण हिंदीत सांगत होता की त्याच्या घरीही अशा टोपल्या होतात, पण त्यांची वीण तिरपी असते. वहिनीने त्याला एक झाकण आणि सुटी चोय दिली. त्याने बोटांनी तिरपा घाट दाखवला. तिने तो दोनदा करून बघितला आणि परत कामाला लागली.

तीन वाजून वीस मिनिटांनी एकशेएकोणपन्नास जोड्या झाल्या. एक दुरडी उरली आणि झाकण उरलं नाही.

"इट्स ओके," मॅडम म्हणाल्या. "एक माझ्याकडे ठेवते, बिनझाकणाची. खरंच चालेल."

"न्हाई," वहिनी म्हणाली. "काल दीडशे आली हुती. हितंच हाय."

टेबलांखाली बघितलं, खोक्यांत बघितलं. आत्याने एका मुलाला उठायला लावून त्याच्या खुर्चीवर बघितलं. वीस मिनिटं गेली. चारला माणसं जमायला लागणार होती आणि मॅडम आता खरोखर घड्याळाकडे बघत होत्या. वहिनी उरलेली दुरडी काखेत घेऊन बाहेर गेली आणि मी तिच्यामागे गेलो. ती प्रत्येक टेबलापाशी थांबत होती. लोक आपापल्या पडद्यांकडे बघत होते आणि काखेत दुरडी घेतलेली बाई मध्ये फिरतेय याचं कुणाला विशेष वाटत नव्हतं. शेवटी ती दाराजवळच्या स्वागतकक्षाशी आली. तिथल्या मुलीसमोर पाहुण्यांसाठी चॉकलेटं ठेवली होती. ती एका पालथ्या, पिवळसर झाकणात होती. गाठ बाहेर आणि डावीकडे होती.

"हे तुमचं आहे का?" ती मुलगी म्हणाली. "मला वाटलं ट्रे आहे. छान आहे एकदम."

वहिनीने चॉकलेटं टेबलावर ओतली, झाकण दुरडीवर ठेवलं आणि एका बोटाने दाबलं. ते बसलं.

वाटप चारला सुरू झालं. आम्ही निघत होतो तेव्हा मॅडम दारापर्यंत आल्या. त्यांच्या मनात एक होतं, ते त्यांनी विचारलं. दर महिन्याला कंपनीत नवीन माणसं लागतात, तीस-चाळीस तरी. त्यांना पहिल्या दिवशी प्लास्टिकच्या खोक्यात सामान देतात. त्याऐवजी अशी दुरडी देता येईल का. फक्त पुढच्या वेळी सगळ्या एका मापाच्या केल्या तर बरं पडेल.

वहिनीने थोडा विचार केला. "माप आमी टेपानं धरू," ती म्हणाली. "ते चुकलं आमचं. पन तरी झाकण ज्याचं त्यालाच बसंल. हातानं हुतंय ते तसंच हुतंय. आमी दोन्हीवर आतून आकडा घालून देऊ. तुमी सुतळी कापा, आकडा बघा, लावा."

"आकडा?" आत्या म्हणाली.

"आकडा," वहिनी म्हणाली.

आत्याने मॅडमकडे बघितलं, मग वहिनीकडे. "बारीक घाल," ती म्हणाली. "आनि आतून."

मॅडमनी लगेच हो म्हटलं. या महिन्याच्या चाळीस कधी मिळतील, हेही विचारलं. वहिनीच्या आधी आत्याने उत्तर दिलं, की त्यातल्या बऱ्याच झाकणासकट तयारच आहेत, थोड्या आवळ आहेत पण नव्या माणसाचं सामान तरी किती असणार. तिच्या पडवीत त्या दिवशी एकोणतीस होत्या.

परतताना चौकात टेम्पो पुन्हा अडकला. कंत्राटदाराचा फोन तिथे आला. मागे मला पलीकडचं ऐकू येत नव्हतं, वहिनीचं बोलणं काचेतून येत होतं. ती तीनदा न्हाई म्हणाली. एकदा म्हणाली, पगाराचं न्हाई ओ. मग तुमीबी चांगली दिवाळी करा म्हणाली आणि फोन ठेवला.

"काय म्हनत हुता?" आत्याने विचारलं.

"दिवाळीनंतरच्या सोमवारी लाइन चालू हुतीया, येता का म्हनत हुता."

"मंग?"

"सोमवारी कळक बघायला जायचंय म्हनलं."

"कुनाबरं?"

"आबांबरं."

"त्यो नुसता उंची बघतुया," आत्या म्हणाली. "मी येती. तुला अजून पेर बघता येत न्हाई."

पुढची कॅब हलली. भावाने गिअर टाकला आणि आत्या कळकाचं पेर कसं बघायचं ते सांगायला लागली.